जत रोडला उतरायचं

निघण्याआधी खिशातला नकाशा घरीच ठेवा. तुम्ही जिथे जाणार आहात तिथे सांगली जिल्हा नाही. साल १९३८च्या आगेमागचं आहे. वाळवा, तासगाव, शिराळा, खानापूर हा भाग अजून सातारा जिल्ह्यात, म्हणजे थेट इंग्रजी अंमलाखाली. त्याच्या कडेला आणि पोटातही संस्थानांचे तुकडे: औंध पंतप्रतिनिधींचं, फलटण निंबाळकरांचं, सांगली-मिरज पटवर्धनांची, जत डफळ्यांचं. 'दक्षिण सातारा' नावाचा जिल्हा व्हायला १९४९ उजाडायचं आहे आणि त्याला सांगली म्हणायला १९६०. एका दिवसाच्या प्रवासात तुम्ही चार राजांच्या हद्दी ओलांडाल आणि कुणी तुमचा पास विचारणार नाही.

कशाला चालला आहात? एका प्रश्नापायी. इंग्लंडात या दोन महायुद्धांच्या मधल्या काळात खेळून पोट भरणारा माणूस चांगलाच स्थिरावला आहे. गिरणीत नाही, खाणीत नाही. शनिवारी दुपारी चेंडू लाथाडायचा आणि त्याचा पगार घ्यायचा. कृष्णाकाठी असा माणूस होता का? होता. त्याच्या हातात बॅट होती, आणि त्याचा क्लब म्हणजे एक राजा होता.

पुण्याहून एम.एस.एम. रेल्वेची मीटर गेजची गाडी धरा. वाठार गेलं, सातारा रोड आलं. स्टेशनला सातारा म्हणतात, पण शहर लांब आहे. टांगे आणि मोटारी बाहेर उभ्या आहेत. तुम्ही खाली उतरू नका. डब्यात एक पैलवान चढतो आहे, त्याला जागा द्या, कारण तो मागणार नाही आणि त्याला दोघांची लागेल. कान मोडलेले, मानेला बाक नाही, हातात पितळी कळशी. रहिमतपूर येईपर्यंत तो गप्प बसतो. मग विचारतो:

"पावनं, कुनीकडं?"

"जतला."

"जतला? तिथं काय पिकतंय?"

तुम्ही सांगता, तिथे एक गोरा साहेब चेंडू टाकायला शिकवतो आहे. तो हसत नाही. त्याच्या जगात हे नवल नाही. राजा एखाद्या वस्तादाला लाहोरहून आणतो, बदाम-तुपाचा खुराक लावून देतो, तालमीत पोरं जमवतो. मग चेंडू टाकणारा वस्ताद का नको? कोल्हापूरला शाहू महाराजांनी खासबागेचं मैदान १९१२ साली बांधून घेतलं, तेव्हापासून या सगळ्या मुलखाला एक गोष्ट पक्की ठाऊक आहे: मोठ्या पैलवानाच्या मागे दरबार असतो. बाकीचे जत्रेच्या फडात. तिथे पोरांच्या कुस्त्या रेवड्यांवर, मग नारळ, मग रुपये, आणि शेवटच्या कुस्तीला गर्दी हौद्याच्या कडेपर्यंत चिकटलेली.

त्याला इंग्लंडच्या फुटबॉलवाल्याचा हिशेब सांगून बघा. १९२२पासून तिकडे पगाराला वरची मर्यादा आहे: हंगामात आठवड्याला जास्तीत जास्त ८ पौंड, उन्हाळ्यात ६. रुपया दीड शिलिंगाला बांधलेला आहे, म्हणजे ८ पौंडांचे झाले १०६ रुपये आणि वर काही आणे.

"दर आठवड्याला?"

"दर आठवड्याला."

"आन् खुराक?"

"ज्याचा त्यानं."

तो बराच वेळ खिडकीबाहेर बघतो. "मंग न्हाई परवडायचं," म्हणतो.

त्याचं चुकत नाही, निदान पूर्ण चुकत नाही. त्या १०६ रुपयांना दोरी बांधलेली आहे. क्लबने खेळाडूचं नाव आपल्या यादीत राखून ठेवलं की त्याला दुसरीकडे खेळता येत नाही, करार संपला तरीही. १९२८ साली बोल्टनच्या डेव्हिड जॅकसाठी आर्सेनलने दहा हजार पौंडांच्या वर मोजले; जगात एवढी किंमत तोवर कुणाची आली नव्हती. ती रक्कम एका क्लबच्या तिजोरीतून दुसऱ्या क्लबच्या तिजोरीत गेली. जॅकचा आठवड्याचा पगार त्याच मर्यादेच्या आत राहिला. ती मर्यादा थेट १९६१च्या जानेवारीत उठली.

पण कागद होता. आठ पौंड ठरले की आठ पौंड. मालकाची मर्जी फिरली म्हणून शनिवारी सात मिळत नसत. हा फरक लक्षात असू द्या, पुढे लागेल.

मसूर, मग कऱ्हाड. इथे पैलवान उतरतो. प्लॅटफॉर्मवरून गोळेश्वर दिसत नाही, पण ते जवळच आहे, आणि तिथे दादासाहेब जाधव नावाचे एक पैलवान आपल्या मुलाला लाल मातीत उतरवतात. मुलगा बारा-एक वर्षांचा आहे. खाशाबा. त्याला सध्या तिथेच असू द्या.

पुढे किर्लोस्करवाडीला गाडी थांबते तेव्हा तुम्ही अचानक औंध संस्थानात असता. नांगराचा कारखाना, मासिकाचा छापखाना आणि गाव, सगळं एका राजाने दिलेल्या माळावर उभं राहिलेलं. हा राजा, भवानराव पंतप्रतिनिधी, स्वतः रोज सूर्यनमस्कार घालतो आणि प्रजेलाही घालायला लावतो. क्रिकेटचं त्याला काही नाही. संस्थानिकांचे षोक एकसारखे नव्हते, ही एक बरी गोष्ट. नाहीतर सगळा दक्षिण महाराष्ट्र एकाच खेळाने भरून गेला असता.

मिरजेला गाडी बदलायची आहे, पण हाताशी वेळ आहे तर सांगलीला जाऊन या. कृष्णेवर आयर्विन पूल उभा आहे, १९२९चा, अजून नवाच म्हणायचा. हवेत हळदीचा वास. हरिपुराकडे जमिनीत खोल पेवं खणलेली आहेत, वर्षभराची हळद त्यांत उतरवून तोंड बंद करतात. गणपतीच्या देवळाकडे जाणारी वाट सगळ्यांना माहीत आहे. तुम्ही विचारा मिशनच्या वस्तीची. कारण ज्याला भेटायला आलात तो इथल्या मराठी ख्रिस्ती कुटुंबातला आहे. विजय सॅम्युअल हजारे, जन्म ११ मार्च १९१५. वडील शाळामास्तर, घरात आठ मुलं.

या घराचा आणि क्रिकेटचा संबंध नीट समजून घ्या. या काळात हिंदुस्थानातलं सगळ्यात मोठं क्रिकेट मुंबईत होतं, चौरंगी सामन्यांचं: हिंदू, मुसलमान, पारशी, युरोपियन. मैदान भरून वाहायचं. आणि सांगलीच्या ख्रिस्ती मास्तरांच्या मुलाला या चारांपैकी एकाही संघात जागा नव्हती. कितीही धावा केल्या असत्या तरी नसती. १९३७ साली पाचवा संघ आला, 'द रेस्ट', म्हणजे उरलेले. नावातच सगळं आलं. त्या उरलेल्यांमधून हजारे पुढे मुंबईत काय करणार आहे ते तुम्हाला ठाऊक आहे, पण इथे कुणाला सांगू नका: १९४३च्या अंतिम सामन्यात हिंदूंच्या ५८१ धावांपुढे फॉलोऑन मिळाल्यावर 'द रेस्ट'च्या ३८७, त्यांत त्याच्या एकट्याच्या ३०९. सहाव्या विकेटला ३०० धावांची भागीदारी, समोर सख्खा भाऊ विवेक, आणि विवेकचा वाटा २१.

रणजी करंडक १९३४ साली सुरू झाला आणि ही वाट थोडी रुंदावली. तिथे संघ धर्माचे नव्हते, प्रांतांचे होते. हजारे त्याच पहिल्या हंगामात महाराष्ट्राकडून उतरला. पण रणजीत खेळून चूल पेटत नाही. मास्तरांच्या आठ मुलांपैकी एकाने दिवसभर नुसतं खेळायचं तर कुणीतरी पदरी घ्यायला हवं. ते देवासच्या थोरल्या पातीने घेतलं. युवराज, आणि १९३७पासून महाराज, विक्रमसिंहराव पवार. शाहू महाराजांच्या मुलीचा मुलगा. पैलवान सांभाळण्याची रीत या माणसाला आजोळाकडूनच आलेली. त्याने ती क्रिकेटला लावली. हजारेने माळव्यात जायचं, मध्य हिंदुस्थानकडून खेळायचं, आणि पोटाची काळजी सोडायची.

आता मिरजेला परत. इथल्या प्लॅटफॉर्मवर सतारी गवसणीत घालून चाललेली माणसं दिसतील, वानलेस डॉक्टरांच्या दवाखान्यात आलेले रुग्ण दिसतील, आणि एका बाजूला बार्शी लाइटची ती छोटी गाडी, अडीच फुटी रुळांवर उभी. १९२७पासून ती मिरजेपर्यंत येते. पंढरपूरच्या वारकऱ्यांनी भरली आहे. दारात बसा, पाय आत घ्या. आरग, सलगरे, कवठे महांकाळ, ढालगाव. प्रत्येक स्टेशनागणिक हिरवा रंग कमी होत जातो. कृष्णेचं पाणी मागे राहिलं. इथे पाऊस येतो तो राहिलेला, घाटाने आपला वाटा काढून घेतल्यावर उरलेला. ज्वारी, बाजरी, मेंढरं.

जत रोडला उतरायचं. नाव जतचं असलं तरी जत इथून बरंच लांब. मोटार मिळेल. धूळ दातात कचकचते. वाटेतल्या गावांत मराठीतून सुरू झालेलं वाक्य कानडीत संपतं.

आणि या माळावर, डफळ्यांच्या राजधानीत, नेटच्या टोकाला टोपी घातलेला एक बुटका, वाळका माणूस उभा आहे. क्लॅरी ग्रिमेट. जवळ जाऊन बघा, विश्वास बसणार नाही. कसोटीत २०० बळी घेणारा जगातला पहिला गोलंदाज; ३७ सामन्यांत २१६. न्यूझीलंडमध्ये डनेडिनला जन्मला, ऑस्ट्रेलियाकडून खेळला, पहिली कसोटी मिळाली तेव्हा तेहतीस वर्षांचा होता आणि त्या एका सामन्यात ११ बळी घेऊन बसला. १९३५-३६ला दक्षिण आफ्रिकेत पाच कसोट्यांत ४४. त्या मालिकेतल्या शेवटच्या कसोटीत १३. आणि त्यानंतर त्याला पुन्हा कधी घेतलंच नाही. १९३८च्या इंग्लंड दौऱ्यातूनही वगळला. पेशाने हा दुकानांच्या पाट्या रंगवणारा. तिकडे क्रिकेटवर घर चालत नाही, म्हणून ब्रश हातात. जतचे राजे विजयसिंहराव डफळे यांना लेगस्पिनची आवड, आणि पंचेचाळिशी ओलांडलेल्या या माणसाला काम हवं होतं.

विक्रमसिंहरावांनी आपला माणूस इकडे शिकायला पाठवला तो असा. राजाराजांची ओळख, बाकी काही लागत नाही.

नेटच्या मागे उभे राहा, थोडं उजवीकडे, तिथून हात दिसतो. ग्रिमेटचा हात खांद्याच्या वर जातच नाही, कुऱ्हाड फिरवल्यासारखा बाजूने येतो. चेंडू हवेत सपाट, वेगाने, आणि टप्प्यावर काय करेल ते हातावरून कळत नाही. अडिलेडला घरामागे त्याने स्वतःची खेळपट्टी केली होती आणि एका फॉक्स टेरियर कुत्र्याला आठ चेंडू झाले की परत आणून द्यायला शिकवलं होतं. ऑस्ट्रेलियात तेव्हा आठ चेंडूंची ओव्हर. 'फ्लिपर' म्हणतात तो चेंडू त्याने तिथे वर्षानुवर्षं घासून तयार केला. अंगठा आणि बोटांच्या मधून चुटकी वाजवल्यासारखा सुटतो, खाली राहतो, आणि फलंदाज बॅट उचलून उभा असतानाच पायावर आदळतो.

समोर विशीतला हजारे. त्याचा पवित्रा बघून कुठलाही पुस्तकी प्रशिक्षक कपाळाला हात लावेल. बॅट दोन पॅडच्या मधोमध धरलेली, खांदे आत ओढलेले, सगळं आखडलेलं. अशा माणसाला आधी सरळ करायचं, मग शिकवायचं, हा सगळीकडचा नियम. ग्रिमेट त्याला सरळ करत नाही. आहे तेच ठेव, असं सांगतो. मला या सगळ्या प्रवासात हे सर्वांत मोलाचं वाटतं. ज्याला स्वतःला बुटका, म्हातारा, विचित्र हाताचा म्हणून वर्षानुवर्षं डावललं, त्यालाच दुसऱ्याचा विचित्रपणा कामाचा आहे हे दिसलं. हजारेने तो पवित्रा शेवटपर्यंत सोडला नाही.

दुपारी नेट संपलं की सावलीला बसा आणि त्या पैलवानाचा हिशेब पुन्हा मांडा. हजारेच्या हातात लंडनच्या फुटबॉलवाल्यासारखा करार नाही. गेल्याच हिवाळ्यात लॉर्ड टेनिसनचा संघ हिंदुस्थानात येऊन गेला, त्यात बिल एड्रिच होता. टॉटनहॅमकडून फुटबॉलही खेळलेला. त्याला हिवाळ्यात एक मालक, उन्हाळ्यात दुसरा, आणि दोघांचे कागद. इकडे मालकाचा शब्द हाच कागद. शब्द चांगला असला तर कागदापेक्षा बरा, कारण तो पायाला दुखापत झाली म्हणून पगार कापत नाही. वाईट असला तर? १९३६च्या इंग्लंड दौऱ्यावर कर्णधार होते विजयनगरमचे महाराजकुमार. लाला अमरनाथसारखा ऐन भरातला खेळाडू, त्याला बेशिस्तीचा ठपका ठेवून पहिल्या कसोटीच्या आधीच बोटीत बसवून घरी पाठवला. दाद मागायला कुणी नव्हतं. हजारेचं नशीब एवढंच की त्याला खेळ कळणारा राजा मिळाला. नशीब हा शब्द मी जपून वापरतो. त्या काळच्या हिंदी व्यावसायिक खेळाडूच्या सगळ्या चरित्राला तो पुरतो.

तोंडी शब्द एका खऱ्याखुऱ्या फुटबॉलवाल्यालाही भोवला. आर्सेनलचा डेनिस कॉम्प्टन लढाईच्या दिवसांत महूच्या छावणीत होता आणि होळकरांकडून रणजी खेळला. १९४५च्या अंतिम सामन्यात, मुंबईत, त्याने नाबाद २४९ काढल्या. इंदूरच्या एका धनिकाने शतकापुढच्या प्रत्येक धावेला रोख पैसे कबूल केले होते, असं सांगतात. कॉम्प्टन दमून तंबूत आला तेव्हा शेटजी तातडीच्या कामाला निघून गेले होते. नुसती चिठ्ठी.

जतहून आता पुण्याला चला, १९३९-४०च्या हंगामात. युद्ध पेटलं आहे, पण ते अजून वर्तमानपत्रात आहे. महाराष्ट्र विरुद्ध बडोदा. महाराष्ट्राचे कर्णधार प्राध्यापक दि. ब. देवधर, स. प. महाविद्यालयात संस्कृत शिकवतात, वय अठ्ठेचाळिशीच्या घरात. हजारे आता पुन्हा महाराष्ट्राकडून खेळतो आहे. तुम्ही जेवून या, तो खेळतोच आहे. आठ विकेट पडल्यावर नगरवाला येतो, गोलंदाज म्हणून संघात असलेला. आता आवरेल असं वाटून लोक चपला शोधू लागतात. दोघं नवव्या विकेटला २४५ धावा जोडतात. नगरवाला ९८ वर जातो, आणि मैदानात एकदम 'अरेरे' उठतो. हजारेच्या त्रिशतकाला मिळाली नाही इतकी दाद त्याच्या हुकलेल्या शतकाला मिळाली असेल, आपल्या लोकांचं तसंच असतं. हजारे नाबाद ३१६. रणजी करंडकातलं पहिलं त्रिशतक. बॅट अजून दोन पॅडच्या मधोमध. त्या वर्षी करंडक महाराष्ट्राने जिंकला, पुढच्या वर्षीही.

त्यानंतर हजारे बडोद्याच्या पदरी गेला. दुसरा राजा. १९४७ साली, देश स्वतंत्र होण्याच्या वर्षी, विक्रमसिंहराव देवास सोडून कोल्हापूरच्या गादीवर दत्तक आले आणि शहाजी महाराज झाले. इथे तुम्ही कऱ्हाडला सोडून आलेला तो गोळेश्वरचा मुलगा पुन्हा गाठतो. खाशाबा आता बावीस वर्षांचा आहे, कोल्हापूरला शिकतो, आणि १९४८च्या लंडन ऑलिंपिकला त्याला जायचं आहे. प्रवासखर्च दिला कोल्हापूरच्या महाराजांनी. सांगलीच्या मास्तरांच्या मुलाला ज्या हाताने पदरी घेतलं, त्याच हाताने सातारच्या पैलवानाच्या मुलाला प्रवासाचे पैसे दिले. तोवर कुस्तीच्या गादीवर कधीही न उतरलेला खाशाबा लंडनला सहावा आला.

१ मार्च १९४९ला कोल्हापूर मुंबई प्रांतात विलीन झालं. जत, सांगली, औंध त्याच्या आगेमागे. राजे गेले ते बरंच झालं, पण त्यांच्याबरोबर खेळाडूंची पगारपत्रकंही गेली आणि त्या जागी काहीच आलं नाही. हजारेचं तोवर नाव झालेलं. १९५२च्या फेब्रुवारीत त्याच्याच नेतृत्वाखाली भारताने मद्रासला इंग्लंडला हरवून पहिली कसोटी जिंकली. जूनमध्ये लीड्सला त्याच इंग्लंडपुढे भारताची दुसऱ्या डावात शून्यावर चार अशी गत झाली, आणि ४ बाद ० या फलकाकडे बघत आत गेलेल्या कर्णधाराने ५६ काढल्या.

आणि तेव्हाच हेलसिंकीला जायला खाशाबा पैसे गोळा करत फिरत होता. गावाने वर्गणी काढली. राजाराम कॉलेजचे प्राचार्य बॅरिस्टर बाळासाहेब खर्डेकर यांनी आपलं राहतं घर गहाण टाकलं, सात हजार रुपयांना. २३ जुलै १९५२ला खाशाबाने कांस्यपदक घेतलं, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. कऱ्हाड स्टेशनवर उतरला तर शंभराहून जास्त बैलगाड्या त्याला न्यायला आल्या होत्या. मिरवणूक झाल्यावर तो कुस्त्यांच्या फडांना लागला. स्वतः फड भरवले, स्वतः लढला, जिंकला, आणि जमलेल्या पैशातून प्राचार्यांचं घर सोडवून दिलं.